खालचा आकडा

अ‍ॅन आर्बरच्या मिशिगन स्टेडियममध्ये फर्स्ट एडची नर्स म्हणून ड्युटी असली की माझी पाठ मैदानाकडे आणि डोळे माणसांवर असतात. त्यामुळे मिशिगन विद्यापीठाच्या अमेरिकन फुटबॉल संघाचा २०२३चा सीझन मी बहुतेक कानांनीच पाहिला. ईस्ट कॅरोलायना ३०-३, रटगर्स ३१-७, इंडियाना ५२-७. एकतर्फी सामन्यांत आरडाओरडा असतो, पण सैल. मी कोल्हापूरची. शाहू स्टेडियमवर तालमींच्या मॅचेस ऐकत वाढले, गर्दीचा सूर मला कळतो.

या गोंगाटात स्टेथोस्कोपचा काही उपयोग नसतो. बीपी मनगटावर बोटं ठेवून मोजायचं. पट्टा फुगवला की नाडी बंद होते, हवा सोडताना पुन्हा लागते, तो वरचा आकडा. खालचा आकडा असा मिळत नाही, त्याला कानच हवेत.

२५ नोव्हेंबरला ओहायो स्टेट विद्यापीठाचा संघ आला. दोन्ही संघ ११-०, म्हणजे अकरा विजय, एकही हार नाही. आमचे प्रशिक्षक जिम हार्बो निलंबित, संघ सहायक प्रशिक्षक शेरॉन मूर यांच्या हाती. स्टँडमध्ये एक लाख दहा हजारांहून अधिक माणसं आणि हाडात शिरणारी थंडी. तिसऱ्या क्वार्टरमध्ये १७-१७ असताना वरच्या रांगेतून हाक आली. एक आजोबा उभे राहता राहता चक्कर येऊन खाली बसले होते. मी त्यांना बाकावर आडवं केलं, पाय उचलून धरले, पट्टा बांधला. बोटांनी ९० लागलं.

पुन्हा पट्टा फुगवत होते आणि आवाज गेला. मंदावला नाही, गेलाच. अख्ख्या स्टेडियमचा.

आजोबा मान वळवून खाली बघत होते. “पासष्ट नंबर,” ते म्हणाले, “उठत नाहीये.” झॅक झिंटर, संघाचा कॅप्टन, उजवा गार्ड. चेंडू कधी हातात न घेणारा, दुसऱ्याला वाट काढून देणारा खेळाडू. पायाची दोन्ही हाडं मोडली होती, हे नंतर कळलं. मी वळून बघितलं नाही. स्टेथोस्कोप कानाला लावला आणि हवा सोडली.

ठक. ठक. ठक. स्पष्ट, घरात बसून ऐकावं तसं. १०४ ला सुरू झालं, ६४ ला थांबलं. एवढ्या माणसांमध्ये एका हाताची नाडी ऐकू येत होती, ती खाली एक मुलगा वेदनेत पडला होता म्हणून. मला हुंदका आला, तो मी गिळला.

त्याला गाडीवरून नेलं. लगेच पुढच्याच चालीत आमचा ब्लेक कोरम चेंडू घेऊन २२ यार्ड धावत सुटला, थेट शेवटच्या रेषेपलीकडे, आणि टचडाउन झाला. पायाखालचा बाक थरथरला. आजोबांनी मला दाखवलं, कोरम बोटांनी सहा आणि पाच करत होता. त्यांच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं, गालांवर रंग परतला होता.

सामना ३०-२४ जिंकला. जानेवारीत रोझ बोल या उपांत्य सामन्यात अलाबामाला, मग ह्यूस्टनमध्ये वॉशिंग्टनला ३४-१३ हरवून संघ १५-० झाला, १९९७ नंतरचं पहिलं राष्ट्रीय विजेतेपद. ते दोन्ही सामने मी घरी बसून, चक्क मैदानाकडे तोंड करून पाहिले.

त्या दिवशीच्या माझ्या कागदांवर मात्र बीपीचा खालचा आकडा फक्त एकाच माणसापुढे लिहिलेला आहे.