गेंड्याची पावली: ४५ ओळी एकदाच्या आत!

झालं! तीन रविवार अडून बसलेल्या ४५ ओळी काल रात्री माझ्या नाण्यांच्या डेटाबेसमधल्या टेबलमध्ये शिरल्या.

काम असं: प्रत्येक वर्ष आणि प्रत्येक टाकसाळ यांची एकेक ओळ. २५ पैशांचं गेंड्याचं नाणं, १९८८ ते २००२. नाण्यावरच्या छोट्या खुणेवरून टाकसाळ कळते; मुंबईच्या हिऱ्याच्या १५ ओळी तयार होत्या. हैदराबादची चांदणी, नोएडाचा ठिपका आणि बिनखुणेचं कोलकाता यांच्यासाठी त्यांच्याच प्रती हव्या होत्या. धातू, वजन, व्यास तेच. टाकसाळ, खूण आणि शेरा वेगळा. शेरे हातानेच लिहायचे, म्हणून ओळी सीएसव्हीत (स्वल्पविरामांनी तोडलेल्या साध्या फाइलमध्ये) काढल्या, कॅल्क या स्प्रेडशीटमध्ये तिप्पट केल्या आणि पोस्टग्रेस या डेटाबेसमध्ये परत भरायला घेतल्या.

पहिल्यांदा आयडीचा, म्हणजे ओळीच्या क्रमांकाचा, कॉलम तसाच राहिला होता, तेव्हा 'डुप्लिकेट की' (हा क्रमांक आधीच आहे) हा एरर येणारच. तो काढला, फाइल भरणाऱ्या बॅकस्लॅश-कॉपी या आज्ञेला उरलेल्या कॉलमांची नावं दिली. तरी तेच! म्हणे आयडी १ आधीच आहे. पण मी आयडी दिलाच कुठे होता? फाइल ओळीओळीने तपासली, एन्कोडिंग बदललं, इंडेक्स नव्याने बांधला. ढिम्म.

काल तीन वेळचे एरर शेजारीशेजारी ठेवले: १, ४६, ९१. दर वेळी बरोबर ४५ ने पुढे, आणि फाइलमध्ये ओळी तेवढ्याच! तिथे ट्यूब पेटली. दिवाळीत जुन्या लॅपटॉपवरून अख्खं टेबल आयडीसकट आणलं होतं. आयडी आपण दिले की सिक्वेन्स, म्हणजे पुढचा आयडी देणारा मोजणारा, जागचा हलत नाही. त्यानंतर एकही नवं नाणं चढवलं नव्हतं, म्हणून ते लक्षातच आलं नाही. आणि भरणी फसली तरी सिक्वेन्सने वाटलेले आकडे परत येत नाहीत, म्हणून ती ४५ ची उडी. सेटव्हॅल या आज्ञेने सिक्वेन्सला सर्वांत मोठ्या आयडीवर नेऊन बसवलं आणि लगेच 'कॉपी ४५', म्हणजे ४५ ओळी भरल्या! कितीतरी वेळ ते बघत बसलो.

कोलकात्याची रिकामी खूणही नलच ('मूल्यच नाही') राहिली, कारण सीएसव्ही जतन करताना अवतरणचिन्हं घातली नव्हती. भरणीसाठी मी तरी पीएसक्यूएल, म्हणजे पोस्टग्रेसला आज्ञा टाइप करून द्यायचा प्रोग्रॅम, सोडणार नाही. एरर तिथे पूर्ण वाचता येतो.

पुढे ५० पैसे घेणार होतो. पण लिहितालिहिता वाटतंय, आधी टेबलच तोडावं: नाण्याचं वर्णन एकात, टाकसाळ-वर्ष-शेरा दुसऱ्यात. म्हणजे वजनातली एक चूक साठ ठिकाणी सुधारायला नको, आणि प्रतीही काढायला नकोत. त्याआधी ज्या वर्षी ज्या टाकसाळीत हे नाणं पाडलंच नाही, त्या ओळी गाळायच्या आहेत. आज नोएडा घेतो.