सड्यावरचा पंप

राजापूर तालुक्यातल्या एका सड्यावर, म्हणजे जांभ्याच्या उघड्या पठारावर, आम्ही बारा मिनिटांचा माहितीपट करत होतो. त्यात निवेदनही नव्हतं आणि संगीतही. अशा फिल्मवर ध्वनिमुद्रकाला फारसं काम नसतं असं निर्मात्यांना वाटतं, मानधनही त्याच हिशोबाने ठरतं. माझा अनुभव उलटा आहे. बोलणारं कोणी नसलं की प्रेक्षक किड्याचा आवाजसुद्धा तपासून ऐकतो.

भादवा संपत आला होता. जांभ्याच्या खळग्यांत पाणी, कडेला सीतेची आसवं आणि गेंद फुललेले. कॅमेरा एकाच जागी तिपाईवर. मी खळग्यात हायड्रोफोन, म्हणजे पाण्याखालचा माइक, सोडला, तर त्या वीतभर पाण्यात पाणकिड्यांची इतकी किरकिर चालू होती की रेकॉर्डरची पातळी कमी करावी लागली.

गवताच्या कडेने पुढे सरकताना सोबतच्या गुराखी काकांनी हात आडवा धरला. फुरसं! तोंडाने फुत्कार टाकल्यासारखी त्याची ती खरखर खरं तर करवती खवले एकमेकांवर घासून येते. बूम, म्हणजे माइकची काठी, होता तेवढा लांब केला आणि ती खरखर घेतली. हात थरथरत होता, ते त्या टेकमध्ये ऐकू येतं.

तेवढ्यात डिझेल पंप सुरू झाला. दसऱ्यानंतर चिरे काढायचे तर खाणीत साठलेलं पावसाचं पाणी आधी उपसावं लागतं. तासभर थांबलो. पंप काही थांबेना.

"दादा, एडिटला काढता येईल ना हा?" दिग्दर्शिकेने विचारलं.

बराचसा काढता आला असता. पण मला पटेना. कोकणातली कातळशिल्पं 2022 मध्ये युनेस्कोच्या जागतिक वारसास्थळांच्या संभाव्य यादीत गेली, ती अशाच सड्यांवर कोरलेली आहेत. खालच्या वाडीतली घरं याच जांभ्याच्या चिऱ्यांची. मग खाण तेवढी सड्याबाहेरची कशी? फुलांचा सडा दाखवणाऱ्या फिल्म काय कमी आहेत! आमचं चांगलंच वाजलं. शेवटी पंप राहिला, शेवटच्या तीन मिनिटांत, लांबून येणारा.

गावच्या शाळेत फिल्म दाखवली तेव्हा फुरशाच्या आवाजाला मुलं ओरडली. पंप सुरू झाला तसे मागच्या बाकावरचे एक गृहस्थ शेजाऱ्याला म्हणाले, "हा आमचाच. रिंगा गेल्या होत्या तेव्हा, बदलल्या आता."