तुम्ही विचारलंत म्हणून: रोबो जपानी घ्यावा की चिनी?

बेळगावच्या उद्यमबाग औद्योगिक वसाहतीत कुणाच्याही शेडमध्ये चहाला बसलं की दहा मिनिटांत हा प्रश्न येतोच. "रोबो घ्यायचा म्हणतोय. जपानी घेऊ की चिनी?" गेली 17 वर्षं मी बेळगाव, हत्तरगी, गडहिंग्लज, कोल्हापूर या पट्ट्यात कारखान्यांतले रोबो, म्हणजे यांत्रिक हात, बसवतो आणि बंद पडलेले चालू करून देतो, म्हणून लोक मलाच विचारतात. मागच्या आठवड्यात मच्छेच्या एका फाउंड्रीवाल्या, म्हणजे ओतकामाचा कारखाना असलेल्या, अण्णांनी विचारलं आणि मी घाईघाईत काहीतरी बोलून निघालो. घरी आल्यावर ते बरं वाटलं नाही. अण्णा, तुम्ही विचारलंत म्हणून आता सगळं नीट लिहितो.

तुमच्या व्हॉट्सअ‍ॅपवर चिनी रोबोची इतकी स्वस्त कोटेशनं का येतात, तिथून सुरुवात करू. 2024 मध्ये जगभरात साधारण 5 लाख 42 हजार नवे औद्योगिक रोबो बसले. त्यातले 2 लाख 95 हजार एकट्या चीनमध्ये, म्हणजे शंभरातले 54. जपान साडेचव्वेचाळीस हजारांवर, अमेरिका 34 हजारांवर, कोरिया 30 हजारांवर, जर्मनी 27 हजारांच्या आसपास. आपण 9,100 बसवले आणि सहाव्या क्रमांकावर आलो. हे आकडे इंटरनॅशनल फेडरेशन ऑफ रोबोटिक्स या संस्थेचे. आपल्या 9,100 पैकी 45 टक्के गाड्यांच्या उद्योगात गेले. पुण्या-चेन्नईच्या ज्या गाड्यांसाठी तुम्ही कास्टिंग ओतता, त्या गाड्यांच्या असेंब्ली लाइनवर हे रोबो आहेत. तुमच्या शेडपर्यंत त्यातले फार थोडे पोचलेत.

चीन पूर्वीही सर्वांत मोठं गिऱ्हाईक होता, पण रोबो घ्यायचा तो जपान्यांचे आणि युरोपचे. दहा वर्षांपूर्वी तिथल्या बाजारात चिनी कंपन्यांचा वाटा पावपट होता. 2024 मध्ये तो 57 टक्के झाला, म्हणजे पहिल्यांदाच तिथे घरच्या कंपन्यांनी परदेशी कंपन्यांपेक्षा जास्त रोबो विकले. त्यामागे सरकार होतं. 2015 मध्ये त्यांनी 'मेड इन चायना 2025' नावाचा आराखडा काढला, त्यात रोबोचं नाव वरच्या यादीत होतं. नानजिंगची एस्टुन, शेनझेनची इनोव्हान्स, वुहूची एफोर्ट अशा कंपन्या जोमाने वाढल्या, आपसात भिडल्या, भाव पाडले. आता घरचा बाजार पुरेना, म्हणून माल बाहेर निघालाय. तुम्हाला आलेलं कोटेशन त्या लाटेतलं आहे.

आणि जपानी, जर्मन, चिनी हे आता रंगावरून ओळखायचं राहिलं नाही. पिवळा म्हणजे फानुक, फुजी पर्वताच्या पायथ्याचा. निळा यास्कावा. नारिंगी कुका हा जर्मनीतल्या ऑग्सबर्गचा, पण 2017 च्या सुरुवातीपासून मालकी चीनच्या मायडियाकडे आहे, एसी आणि वॉशिंग मशिन करणाऱ्या त्या मायडियाकडे. युरोपातल्या एबीबी कंपनीचा रोबो विभाग जपानच्या सॉफ्टबँकेने 5.4 अब्ज डॉलरच्या आसपास घ्यायचं ठरवलं, तो करार ऑक्टोबर 2025 मध्ये जाहीर झाला. जर्मन म्हणून घेतलेल्या रोबोचा मालक चिनी आणि युरोपियन म्हणून घेतलेल्याचा जपानी, अशी सरमिसळ चालू आहे.

माझ्या मते रोबोच्या हातापेक्षा त्याचा सांधा बघावा. अशा रोबोला बहुधा सहा सांधे असतात. प्रत्येक सांध्यात एक सर्व्हो मोटर, म्हणजे सांगितलं तेवढंच नेमकं वळणारी मोटर, आणि तिचा वेग कमी करून ताकद वाढवणारा गिअरबॉक्स, ज्याला आपण रिड्यूसर म्हणतो. हा रिड्यूसर म्हणजे रोबोचा जीव. मोठ्या सांध्यातल्या चांगल्या रिड्यूसरमध्ये दात्यांची ढील एका आर्क-मिनिटाच्या आत ठेवतात, म्हणजे एका अंशाचा साठावा भाग. ऐकायला काहीच वाटत नाही. पण दोन मीटर लांब हाताच्या टोकाला तेवढ्या ढिलीने अर्ध्या मिलिमीटरपेक्षा जास्त फरक पडतो. तुमच्या व्हीएमसीच्या, म्हणजे कटिंग मशिनच्या, फिक्स्चरमध्ये (पकडीत) जॉब, म्हणजे घडवायचा भाग, बसायचा असेल तर अर्धा मिलिमीटर म्हणजे जॉब अडकला. वर्षानुवर्षं, लाखो वेळा वळूनही ती ढील वाढू द्यायची नाही, यातच सगळी विद्या आहे. मोठ्या सांध्यांचे रिड्यूसर बहुतेक जपानच्या नाबटेस्कोचे, छोट्या सांध्यांचे हार्मोनिक ड्राइव्हचे. कितीतरी वर्षं जगातल्या जवळजवळ सगळ्या रोबो कंपन्या या दोघांच्या दारात रांग लावून उभ्या असायच्या. आता सुझोच्या लीडरड्राइव्हसारख्या चिनी कंपन्याही हे बनवतात. म्हणून कोटेशन आलं की मी पहिल्यांदा विचारतो, आत रिड्यूसर कुणाचा? विकणाऱ्याला सांगता येत नसेल तर मी पुढे जात नाही.

मोटरचंही तसंच. सर्व्हो मोटरमधलं चुंबक दुर्मिळ मूलद्रव्यांचं असतं. मोटर तापली तरी त्याची ताकद टिकावी म्हणून त्यात डिस्प्रोझियम किंवा टर्बियम मिसळतात, आणि ती शुद्ध करण्याचं काम जवळजवळ सगळं चीनच्या हातात आहे. एप्रिल 2025 मध्ये चीनने ही मूलद्रव्यं आणि त्यांची चुंबकं परवान्याशिवाय बाहेर पाठवायला बंदी घातली, तेव्हा आपल्याकडच्या गाड्यांच्या कंपन्यांची तारांबळ उडाली होती. तुम्ही जपानी रोबो घ्या नाहीतर जर्मन, ही नाडी कुठे ना कुठे चीनच्या बोटाखाली येतेच.

आता मी प्रत्यक्ष पाहिलेलं सांगतो.

आपल्याच भागातल्या एका कारखान्याने चिनी हात घेतला, मशिनमध्ये जॉब लावायला आणि काढायला. चौदा महिने छान चालला. मग एका सांध्याचा ड्राइव्ह, म्हणजे मोटर चालवणारा इलेक्ट्रॉनिक भाग, गेला. विकणाऱ्याने वर्षाची हमी संपली म्हणून हात वर केले आणि चीनमधल्या इंजिनिअरचा नंबर दिला. 2020 मध्ये गलवान झाल्यावर चिनी तंत्रज्ञांना व्हिसा मिळणं फार अवघड झालं होतं, तो काळ होता. तो माणूस व्हिडिओ कॉलवर भला होता, मनापासून मदत करत होता, पण मेनू चिनी अक्षरांत आणि त्याचं इंग्रजी आमच्यासारखंच. बदली ड्राइव्ह येईपर्यंत 23 दिवस गेले. त्या दिवसांत दोन हेल्पर पुन्हा हाताने जॉब लावत होते, रात्रपाळी धरून. व्हिसाचं आता बरंच सैल झालंय, पण ते 23 दिवस मी विसरलेलो नाही.

दुसऱ्या ठिकाणी जपानी हात होता, परदेशातल्या गाड्यांच्या कारखान्यातून काढलेला, जुना, पण दणकट. दिवाळीच्या सुट्टीत मेन स्विच बंद करून सगळे घरी गेले. परत येऊन चालू केला तर त्याला स्वतःचा हात कुठे आहे तेच कळेना. झालं एवढंच होतं की सांध्यांची जागा लक्षात ठेवणाऱ्या एन्कोडरचे सेल संपले होते. हे सेल वर्षा-दीड वर्षाने बदलायचे असतात आणि तेही कंट्रोलर, म्हणजे रोबोची नियंत्रण पेटी, चालू असताना. बंद करून बदलले तर स्मरण गेलंच. किंमत म्हणाल तर काहीशे रुपये. पण कारखान्यात कुणाला माहीत नव्हतं, बेंगळुरूहून माणूस यायला चार दिवस लागले आणि काम फक्त दोन तासांचं निघालं. प्रत्येक सांध्यावर कंपनीने मारलेल्या खुणेच्या रेघा असतात, त्या जुळवून शून्य परत बसवायचा.

एक चिनी, एक जपानी. दोन्हीकडे उत्पादन बुडालं ते आपल्या शेडमध्ये जाणता माणूस नव्हता म्हणून. अण्णा, मला सांगायचं आहे ते हेच. जेवढ्या पैशांत हात येतो, त्याच्या दुप्पट पैसे ग्रिपर (जॉब धरणारा पंजा), बेस, कुंपण, सेन्सर आणि प्रोग्रॅमिंगला जातात. त्यातली ग्रिपर, बेस आणि फॅब्रिकेशनची कामं उद्यमबागेत उत्तम होतात, ती बाहेरून आणायची गरजच नाही. आणि या सगळ्या हिशेबात माणूस शिकवायचा खर्च मी आजवर एकाही कोटेशनमध्ये पाहिलेला नाही.

आता मनातलं बोलतो. माझे वडील फेटलिंगवर होते. साच्यातून निघालेल्या कास्टिंगची फिन (कडेला आलेला जादा पत्रा) आणि रायझरचे, म्हणजे जादा धातूच्या खांबाचे, उरलेले बुंधे ग्राइंडरने घासून काढायचे, दिवसाला शेकड्यांनी. संध्याकाळी येल्लूरला घरी यायचे तेव्हा पापण्यांच्या केसांवरसुद्धा काळी धूळ असायची. तोंडाला उपरणं बांधायचे, मास्क नव्हताच. वाळूची बारीक धूळ फुप्फुसात बसते आणि परत निघत नाही. शेवटची सहा वर्षं त्यांना अंगणातून ओसरीवर यायला दोनदा थांबावं लागायचं. आज त्या जागेवर ओडिशा-बिहारची पोरं उभी आहेत, कारण आपली पोरं ते काम करत नाहीत, आणि करू नये असंच मलाही वाटतं. कुणाच्याच पोरांनी करू नये.

जगातला पहिला औद्योगिक रोबो, युनिमेट, 1961 मध्ये अमेरिकेत न्यू जर्सीतल्या जनरल मोटर्सच्या कारखान्यात बसला. त्याचं काम काय होतं? डाय-कास्टिंग मशिनमधून निघालेले तापलेले भाग उचलायचे. म्हणजे रोबोचा जन्मच ओतकामाच्या धगीत झाला. जॉर्ज डेव्हॉलने तो कल्पिला, जोसेफ एंगेलबर्गरने विकला. 1968 मध्ये कावासाकीने करार करून ते तंत्र जपानला नेलं आणि पुढे जपानने शिकवणाऱ्यालाच मागे टाकलं. साठ वर्षं झाली तरी बेळगावच्या ग्राइंडिंगच्या बाकापर्यंत तो आलेला नाही, याचं मला खरंच वाईट वाटतं.

पण प्रामाणिकपणे सांगायचं तर पहिला रोबो फेटलिंगवर लावा असं मी तुम्हाला सांगणार नाही. प्रत्येक कास्टिंगची फिन वेगळी येते, माणूस हाताला लागलेल्या थरथरीवरून दाब कमी-जास्त करतो. रोबोला ते करायला फोर्स सेन्सर लागतो, धुळीपासून सांधे सांभाळायला फाउंड्रीचं कव्हर लागतं. महिन्याला वीस नमुने बदलत असतील तर वीस प्रोग्रॅम. आधी सीएनसीवर, म्हणजे संगणकावर चालणाऱ्या मशिनवर, जॉब लावायला बसवा, वर्षभर तुमच्या माणसाचा हात बसू द्या, मग तोच माणूस फेटलिंगचा रोबो चालवेल.

कामगार घाबरतात म्हणून तुम्ही मला लक्ष्मणराव किर्लोस्करांचं उदाहरण दिलं होतंत. आपल्या बेळगावात 1888 मध्ये त्यांनी सायकलचं दुकान काढलं, पुढे लोखंडी नांगर केला, तेव्हा शेतकरी म्हणाले लोखंडाने जमिनीत विष उतरेल. मला ही तुलना पटत नाही, अण्णा. नांगर त्या शेतकऱ्याच्या हातात आला आणि शेत त्याचंच राहिलं. ग्राइंडिंगवाल्याचं तसं नाही. रोबो तुमचा, शेड तुमची, आणि जाते ती त्याची पाळी. त्याची भीती अडाणी नाही. ती घालवायची असेल तर रोबोचा पेंडंट, म्हणजे हातात धरून रोबो चालवायचा बटणांचा फलक, त्याच्या हातात द्यायला हवा.

आणि ते होतं, हे मी पाहिलंय. उद्यमबागेत एका ठिकाणी मी डिप्लोमावाल्या दोघांना शिकवत होतो आणि मागे उभा राहून ग्राइंडिंगवरचा एक मुलगा बघत होता, नववीपर्यंत शिकलेला. तिसऱ्या दिवशी त्याने विचारलं, "सर, हा जॉब उचलताना आधी तिरका का होतोय? सरळ वर गेला तर कडा घासणार नाही." बरोबर होतं त्याचं. पेंडंटवर इंग्रजी, जपानी, चिनी, जर्मन सगळं असतं. मराठी किंवा कन्नड मी आजवर एकाही पेंडंटवर पाहिलेलं नाही. म्हणून आम्ही बटणांशेजारी चिकटपट्टी लावली आणि दोन्ही लिप्यांत शब्द लिहिले. थांब, निल्लिसु. मागे, हिंदे. आता तो रात्रपाळीत एकटा तीन मशिन आणि एक हात सांभाळतो. सेल बदलायची तारीख त्याने कंट्रोलरच्या दारावर खडूने लिहून ठेवली आहे.

तर तुमच्या प्रश्नाचं उत्तर. रिड्यूसरचं नाव लेखी द्या, ड्राइव्ह आणि एन्कोडरचे सुटे भाग भारतात कुठे ठेवलेत ते सांगा, आणि माझ्या दोन माणसांना माझ्याच शेडमध्ये पंधरा दिवस शिकवा, एवढं जो मान्य करेल त्याचा रोबो घ्या. चिनी मान्य करत असेल तर चिनी घ्या, मला काही अडचण नाही. त्या दोन माणसांतला एक डिप्लोमावाला असू दे. दुसरा ग्राइंडिंगवरचा हवा.

मंगळवारी सकाळी मी मच्छेला येतोय. सर्वांत जास्त चालणारी चार कास्टिंगं बाजूला काढून ठेवा, त्यांची ड्रॉइंगं आणि महिन्याचा रिजेक्शनचा कागद काढून ठेवा. आणि ग्राइंडिंगच्या पोरांना अर्धा तास मोकळं करा, त्यांच्याशी मला आधी बोलायचंय.