खांबावरून दिसलेले करकोचे

ऑक्टोबरचा दुसरा आठवडा. कोल्हापूरजवळच्या कळंबा तलावाच्या पलीकडं अकरा केव्हीच्या लाइनवर पिन इन्सुलेटर, म्हणजे तारेचा करंट खांबात उतरू न देणारा टेकू, फुटला होता. लाइन बंद करून कामाचं परमिट घेतलं, तारेत उरलेला करंट जमिनीत सोडणारा डिस्चार्ज रॉड लावला आणि खांबावर चढलो. खाली रानात सोयाबीनची मळणी चाललेली, भुसकट वरपर्यंत उडत होतं.

जुना इन्सुलेटर सोडवतानाच आवाज कानावर आला. घोगरा, लांबचा, एकमेकांना हाका मारत आल्यासारखा. हात थांबलाच. नोकरीला लागण्याआधी मी ठेकेदाराकडं दोन हिवाळे सौराष्ट्रात टॉवर लाइनवर होतो. भुईमूग काढलेल्या रानांत हे पक्षी थव्यानं उतरायचे. तिकडं त्यांना कुंज म्हणतात, आपल्याकडं कांड्या करकोचा. मंगोलिया, कझाकस्तानच्या गवताळ माळांवरून निघून हिमालय ओलांडून येतात. उंची जेमतेम तीन फूट, वजन दोन-तीन किलो. एवढासा जीव! आठवलं की अजून अंगावर काटा येतो.

"दादा, बगळं हाईत की ती," खालून हेल्पर ओरडला.

"मान बघ रं. बगळा मान दुमडून उडतोय. ह्यांची सरळ म्होरं हाय."

शहराच्या बाजूनं आलेला थवा तलावावर घिरट्या घालू लागला. ऊन तापलं की वर चढणाऱ्या हवेवर, पंख न हलवता ते उंची घेतात. पण पंधरावीस पक्षी खाली यायला लागले, बहुतेक पाण्याला, आणि थेट आमच्या तारांच्या रोखानं. पोटात गोळा आला. लाइन बंद होती, पण त्यांना मारायला करंट लागत नाही. बारीक तार त्यांना अगदी जवळ येईस्तोवर दिसत नाही. सौराष्ट्रात टॉवरखालून पंख मोडलेला एक कुंज मी उचलला होता. माझ्या मांडीवरच गेला तो.

पान्यानं क्रॉस आर्मवर, खांबाच्या आडव्या लोखंडी पट्टीवर, ठणाठणा वाजवत सुटलो. हेल्परनं खालून टॉवेल फिरवला. आवाजानं असेल, नाहीतर त्यांचं त्यांनाच उमगलं असेल, तारा चार हातांवर असताना सगळे तिरपे झाले आणि वर निघाले. काळी मान, डोळ्यामागनं लोंबणारे पांढरेशुभ्र तुरे. उडताना इतक्या जवळून मी ते कधीच पाहिले नव्हते. वरच्या थव्यात मिसळून ते कात्यायनीच्या डोंगराकडं गेले.

लाइन चालू करायला वीस मिनिटं उशीर झाला. दोन खांबांमधल्या त्या स्पॅनवर पक्ष्यांना दिसतील अशा चकत्या बसवाव्यात, म्हणून संध्याकाळीच अर्ज लिहिला. पक्ष्यांची संख्या 43 घातली. हेल्पर मात्र 46 वर अडून बसला होता.