पाणथळ इथे बुजवा, भरपाई तिथे

अमेरिकेत बांधकामासाठी दलदल बुजवायची, तर १९७२ च्या स्वच्छ जल कायद्याच्या कलम ४०४ खाली बिल्डरला बहुतेक वेळा लष्कराच्या अभियंता दलाचा परवाना लागतो. नुकसान आधी टाळायचे, टळत नसेल तर कमी करायचे आणि तरीही जे उरेल त्याची भरपाई द्यायची, असा तिथला क्रम आहे. मिटिगेशन बँक येते ती या शेवटच्या पायरीवर. कोणीतरी उजाड झालेली पाणथळ जागा पूर्ववत करायला घेतलेली असते, सरकारी यंत्रणा या ‘बँके’ला ठरावीक क्रेडिट, म्हणजे भरपाईची विकता येणारी एकके, मंजूर करतात आणि बिल्डर ती विकत घेऊन मोकळा होतो.

पूर्वी ही भरपाई बहुधा बिल्डरच स्वतः करत असे, म्हणजे पुष्कळदा करत नसे. राष्ट्रीय संशोधन परिषदेच्या २००१ च्या अहवालाने कागदोपत्री भरपाई आणि जमिनीवरची भरपाई यांतली तफावत दाखवली आणि २००८ च्या संघीय नियमाने अशा बँकांना पहिली पसंती दिली. हा बदल मला योग्यच वाटतो, कारण बँकेला क्रेडिट टप्प्याटप्प्याने मिळतात आणि किमान पाच वर्षे पाहणी होते. मात्र पहिला हप्ता पुष्कळदा गवत उगवण्याआधीच, जमिनीचे कायदेशीर संरक्षण झाले की मिळतो, हे बँकेच्या जाहिरातीत सहसा वाचायला मिळत नाही.

प्रत्यक्ष काम मात्र बघण्यासारखे असते. मिडवेस्टमधल्या, म्हणजे अमेरिकेच्या मध्य-उत्तर भागातल्या, मक्याच्या शेतांखाली पाण्याचा निचरा करणाऱ्या नळ्या पुरलेल्या असतात. त्या फोडल्या आणि बाहेर जाणारा चर बुजवला, की पाणी पुन्हा साचू लागते. गिरमिटाने माती काढली तर ती राखाडी निघते आणि तिच्यात मुळांच्या कडेने गंजासारखे तांबूस डाग दिसतात, कारण साचलेल्या पाण्यात प्राणवायू संपला की लोह विरघळते आणि हवा मिळेल तिथे पुन्हा गंजते. हे डाग निचऱ्यानंतरही वर्षानुवर्षे टिकतात, म्हणून केवळ मातीवर विसंबता येत नाही. जमिनीत नळी रोवून पाण्याची पातळीही मोजावी लागते.

माझा आक्षेप जागेबद्दल आहे. क्रेडिट साधारणपणे त्याच पाणलोट क्षेत्रातले घ्यावे लागते, पण ते क्षेत्र मोठे असते आणि जमीन शहराबाहेर स्वस्त मिळते. रूल आणि साल्झमन या अभ्यासकांनी २००६ मध्ये फ्लोरिडाच्या बँकांचा अभ्यास केला, तेव्हा पाणथळ जागा दाट वस्तीकडून विरळ वस्तीकडे सरकताना दिसल्या. एकरांचा हिशेब जुळला, तरी ज्या वस्तीच्या पुराचे पाणी ती दलदल शोषून घेत होती तिच्या पदरात काहीच पडले नाही.

शिवाय या बँकांचे गिऱ्हाईक कायदाच पुरवतो. मे २०२३ मध्ये सॅकेट खटल्यात अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने नदी-तलावाशी पृष्ठभागावरून सलग जोडलेल्या पाणथळ जागांपुरतेच संघीय संरक्षण ठेवले. उरलेल्या जागा बुजवताना, राज्याचा स्वतःचा कायदा नसेल तर, परवाना लागत नाही आणि क्रेडिटही घ्यावे लागत नाही.