मंधोलला थोडा वेळ, जाफन्याला बराच

पॅरा कमांडो (हवाई छत्रीने उतरणाऱ्या विशेष दलातील सैनिक) म्हणून सेवा करून निवृत्तीनंतर लष्करी इतिहासाकडे वळलेले एक कर्नल नाशिकरोडला राहतात. (नाव छापायचे नाही, ही त्यांची अट.) मराठीत युद्धकथांना तोटा नाही, परंतु बहुतेक कथा पोवाड्यापाशी थांबतात आणि कर्नलसाहेब तिथून पुढे बोलू लागतात.

१३ डिसेंबर १९७१ च्या रात्री ९ पॅरा कमांडोच्या जवानांनी पूंछ नदी ओलांडून पाकव्याप्त काश्मीरमधील मंधोल येथील पाकिस्तानी १२२ मिलिमीटर तोफा स्फोटके लावून निकामी केल्या. एका व्याख्यानात ही हकिकत त्यांनी झटपट आटोपली, तीही देवळालीच्या तोफखान्यातली निवृत्त मंडळी पुढच्या रांगेत बसलेली असताना. त्यांतल्या एका सुभेदारांनी विचारले, "साहेब, आपल्या तोफांनीच त्या गप्प का केल्या नाहीत?" कर्नलसाहेब खूश झाले. माणसे पाठवण्याची वेळ का आली, हे समजल्यावाचून त्या धाडसाची किंमत कळत नाही, असे त्यांचे म्हणणे.

खरा वेळ गेला तो श्रीलंकेतील जाफना विद्यापीठावरील भारतीय सैन्याच्या मोहिमेत. ऑक्टोबर १९८७ मध्ये एलटीटीई या तमिळ बंडखोर संघटनेच्या नेत्यांना पकडण्यासाठी १० पॅरा कमांडो आणि १३ शीख लाइट इन्फंट्रीचे जवान रात्री एमआय-८ हेलिकॉप्टरांतून तिथल्या मैदानावर उतरवण्यात आले. परंतु भारतीय सैन्याचे बिनतारी संदेश शत्रूने आधीच ऐकलेले असल्यामुळे तो दबा धरूनच बसला होता. शीख तुकडीचे ३० जवान उतरू शकले. त्यांपैकी २९ धारातीर्थी पडले आणि एक कैद झाला. कर्नलसाहेबांनी फळ्यावर खडूने मैदान, त्याभोवतालच्या इमारती आणि शेवटी रेल्वेचे रूळ काढले: रस्त्यांवर सुरुंग पेरलेले असल्याने कमांडोंच्या सुटकेसाठी निघालेले टी-७२ रणगाडे याच रुळांवरून नेण्यात आले होते. मैदान किती उघडे होते हे फळ्याकडे पाहताच ध्यानात येत होते, आणि सभागृहात कोणी टाळी वाजवली नाही.

वृत्तवाहिन्यांवरील चर्चांना ते क्वचितच जातात, कारण उद्या काय घडणार हे तिथे आजच विचारले जाते. माझा आक्षेप खुद्द कर्नलसाहेबांबद्दल आहे. मोहिमेची आखणी आणि हेरखात्याच्या माहितीतील उणिवा ते निर्दयपणे उकलतात. मात्र सैन्य श्रीलंकेत धाडण्याच्या राजकीय निर्णयाचा विषय निघाला की हातचे राखून बोलतात. गणवेश उतरवून इतकी वर्षे लोटल्यानंतर इतिहासकाराने एवढा संकोच बाळगू नये, असे मला वाटते, आणि ते मी त्यांना सांगितलेही आहे.