विषय राज्यशास्त्राचा की इतिहासाचा? : पीएच.डी. नोंदणीचा माझा अनुभव

जपानचे परराष्ट्र धोरण, पूर्व आशियाची सुरक्षा आणि युद्धकाळाची स्मृती यांचा एकत्रित विचार करणारा विषय ज्यांना पीएच.डी.साठी घ्यायचा आहे, त्यांनी जपानी भाषेआधी आपल्या विद्यापीठाच्या अर्जाची भाषा शिकून घ्यावी, असे माझे स्पष्ट मत झाले आहे. प्रवेश परीक्षा, मुलाखत आणि कोर्सवर्क रीतसर पार पडले. घोडे अडले ते आराखड्याच्या मंजुरीपाशी.

अर्जाच्या दुसऱ्या पानावर 'विद्याशाखा व विषय' असा रकाना होता आणि त्याखाली बारीक अक्षरांत 'एकच लिहावा' अशी सूचना होती. मी राज्यशास्त्र लिहिले. आराखडा समितीपुढे गेला आणि हिरव्या शाईतला शेरा घेऊन परत आला : 'स्मृती हा इतिहासाचा प्रांत. विषय संदिग्ध.' इतिहास विभागात विचारणा केली, तेव्हा तेथील ज्येष्ठ प्राध्यापकांनी अत्यंत सौजन्याने सांगितले की, 2019 मधल्या घडामोडी इतिहासात बसत नाहीत. त्यानंतर फाइल दोन विभाग आणि संशोधन कक्ष यांच्यामध्ये फिरत राहिली. चौकशीला जावे तर 'टिपण वर गेले आहे मॅडम, सोमवारी या', आणि सोमवारी जावे तर साहेब बैठकीत.

विलंबाची चीड आलीच, पण त्याहून अधिक चीड त्या शेऱ्यामागच्या समजुतीची आली, कारण माझा प्रबंध ज्या प्रकरणावर उभा आहे त्यात स्मृती आणि सुरक्षा वेगळ्या काढताच येत नाहीत. जपान आणि दक्षिण कोरिया यांनी 1965 मध्ये संबंध प्रस्थापित केले, तेव्हा जपानने 30 कोटी डॉलरचे अनुदान आणि 20 कोटी डॉलरचे कर्ज देऊ केले आणि जपानच्या वसाहतकाळातल्या मालमत्तेचा व दाव्यांचा प्रश्न 'पूर्णतः आणि अंतिमतः' मिटल्याचे करारात लिहिले गेले. पुढे 30 ऑक्टोबर 2018 रोजी दक्षिण कोरियाच्या सर्वोच्च न्यायालयाने युद्धकाळात वेठीने राबवल्या गेलेल्या कामगारांना एका जपानी पोलाद कंपनीने भरपाई द्यावी असा निकाल दिला. जुलै 2019 मध्ये जपानने अर्धवाहक आणि डिस्प्ले बनवण्यासाठी लागणाऱ्या तीन रसायनांच्या निर्यातीवर कडक नियंत्रण आणले. हा सूड नसून निर्यात-व्यवस्थापनाचा प्रश्न आहे, असे टोकियोचे म्हणणे होते, आणि ते सोलला पटले नाही. ऑगस्टमध्ये सोलने 2016 चा लष्करी गुप्तमाहितीच्या देवाणघेवाणीचा करार संपवण्याची घोषणा केली आणि नोव्हेंबरमध्ये, करार संपुष्टात येण्याच्या काही तास आधी, ती घोषणा स्थगित ठेवली. उत्तर कोरियाच्या क्षेपणास्त्रांची माहिती एकमेकांना देण्यासाठी केलेला करार सत्तर-पंचाहत्तर वर्षांपूर्वीच्या वेठबिगारीच्या वादात सापडतो, तेव्हा त्याला कोणत्या रकान्यात बसवायचे, हे समितीने मला सांगावे, असे माझ्या मनात होते. लिहिताना अर्थातच मी 'आदरपूर्वक निदर्शनास आणून देते' असे लिहिले.

या दोन पानी स्पष्टीकरणाला मी यूजीसीच्या पीएच.डी. विनियमांतील सहमार्गदर्शकाच्या तरतुदीची प्रत जोडली. दुसऱ्या विभागातला सहमार्गदर्शक घेता येतो, ही गोष्ट कक्षातल्या कोणीही मला आपणहून सांगितली नव्हती. आराखडा लिहिण्याआधीच असा सहमार्गदर्शक शोधून त्यांचे संमतिपत्र सोबत लावा. प्रत्येक कागदाची पोच आवक क्रमांकासह घ्या, कारण माझे स्पष्टीकरण 'आलेलेच नाही' असेही एकदा सांगण्यात आले आणि त्या क्रमांकानेच ते कपाटातून बाहेर काढले.

अखेर समितीपुढे बोलावणे आले, तेव्हा एका सदस्यांनी विचारले, ''या सगळ्यात भारताचा संबंध काय?'' हा प्रश्न येणार हे गृहीत धरूनच जावे. दुसऱ्या महायुद्धानंतर जपानी नेत्यांवर चाललेल्या टोकियो खटल्यात सर्व आरोपींना निर्दोष ठरवणारे भिन्नमताचे निकालपत्र न्यायमूर्ती राधाबिनोद पाल यांनी लिहिले. जपानशी शांतता तह करण्यासाठी भरलेल्या 1951 च्या सॅन फ्रान्सिस्को परिषदेला भारत गेला नाही आणि 1952 मध्ये जपानशी स्वतंत्र तह करून त्याने युद्धभरपाईवरचा हक्क सोडला. एवढे सांगितल्यावर चर्चा निकालपत्राकडेच वळली आणि मंजुरी मिळाली. बाहेर आल्यावर मला आनंदापेक्षा विजयाचीच भावना अधिक झाली, हे लपवण्यात अर्थ नाही.

शीर्षकात 'स्मृती' हा शब्द मी सोडला नाही. मात्र '1965 ते 2023' असा कालखंड जोडला, त्यामुळे 'संदिग्ध' म्हणायला जागा उरली नाही. शेवटचे वर्ष 2023 घेतले, कारण त्या मार्चमध्ये तो माहितीचा करार पूर्ववत झाला.

साधनांविषयीही समिती विचारते. जपानी संसदेच्या कामकाजाचे 1947 पासूनचे इतिवृत्त इंटरनेटवर विनामूल्य शोधता येते, हे आराखड्यात अवश्य नमूद करावे. परराष्ट्र खात्याची जुनी कागदपत्रे साधारणपणे 30 वर्षांनी खुली होतात, त्यामुळे 2019 साठी इतिवृत्ते, पत्रकार परिषदा आणि मुलाखती यांवरच भिस्त ठेवावी लागते. जुन्या कागदांवर सम्राटांच्या कारकिर्दीची वर्षे असतात. शोवा 40 मध्ये 1925 मिळवले की 1965 येते, आणि हैसेईच्या वर्षात 1988 मिळवावे लागतात. संदर्भसूचीत दोन्ही वर्षे लिहा, नाहीतर तिथेही हिरवी शाई उमटेल.